हरणाला मालक हाय

हरीण मेलं की मला बलावणं यायचं. माणूस मेलं की सोयरे जमतात, माळावर हरीण मेलं की गयाबाई जायची. जायचं अन मढ्यापाशी बसायचं. कावळा बसू द्यायचा न्हाई, कुत्रं येऊ द्यायचं न्हाई, अन माणूस तर बिलकुल जवळ येऊ द्यायचा न्हाई. जंगल खात्याचा गार्ड येईस्तोवर तिथून हलायचं न्हाई.

अंक काढणाऱ्या बाई म्हणल्या, आमच्या अंकासाठी तुमच्या कामाचं लिहा. मला लिवता येत न्हाई. मी बोलून राह्यले, माही नात लिहून घेऊन राह्यली. तिला सांगितलंय, मी बोलते तसंच लिव, शाळेतल्यावानी करू नको.

तर लोक इचारायचे, मेलेल्या हरणाची कसली राखण? त्याचं असं हाय. रानातलं हरीण मेलं की ते सरकारचं होतं. कायद्यातच तसं लिवलेलं हाय. कातडं सरकारचं, शिंगं सरकारची, खूर बी सरकारचे. तुम्ही माळावरून एक शिंग उचलून घरी नेलं, खुटीला टांगलं, तर ती सरकारी चोरी. म्हून गार्ड येतो, पंचनामा करतो, ढोरांचा डाक्टर पोट फाडून पाहतो, अन मंग पंचासमोर सगळं जाळून टाकायचं. हे होईपर्यंत कुणीतरी राखायला पाहिजे. ती मी.

हे काम मी मागून घेतलं न्हवतं. माहा मालक दगडाच्या खदानीत गेला. दरड आली, चार माणसं खाली सापडली, त्यात तो. पोरगी मंगल पाळण्यात व्हती. घरात मी, पोरगी अन सासू. सासूला मी आत्या म्हणायची. त्याच साली जालना जिल्हा नवा झाला व्हता, नवीन नवीन सायब येऊन राह्यले व्हते, अन आमच्या वडीगोद्रीच्या अंगाला जो माळ हाय, तिथं जंगल खात्यानं झाडं लावायचं काढलं. मी खड्डे खांदायला गेले. खड्डे झाले, रोपांना पाणी घातलं. रोपं निम्मी वाळली, निम्मी शेळ्यांनी खाल्ली. मंग सायब म्हणले, माळावर हरणं हायेत, त्यांच्यासाठी हौद बांधू, तू हौद भर.

हौद म्हंजे काय, दगडाचा, गुडघ्याइतका. आड अर्ध्या कोसावर. डोक्यावर हंडा, हंड्यावर कळशी. सकाळच्या पाच खेपा, उन्हाळ्यात आठ. कामाच्या हजेरीचा जो लांब कागद असतो त्याला मस्टर म्हणतात. त्याच्यावर नाव लिवायचे, पुढं काम लिवायचे, अन दर हप्त्याला माहा अंगठा. ते मस्टर ध्यानात ठेवा. पुढं लागणार हाय.

पहिल्यांदा मढ्यापाशी बसले तव्हा आत्यानं घरात येऊ दिलं न्हाई. आमच्या लोकांनी छप्पन सालानंतर गावाची मेलेली ढोरं ओढायचं सोडलं. माह्या सासऱ्यानं तर ओढायचा दोर गावाच्या चावडीसमोर जाळला व्हता. त्याच्यापायी दोन वर्षं गावानं त्याला कामाला बलावलं न्हाई, पाला खाऊन दिवस काढले, पण पुन्हा दोर हातात धरला न्हाई. अन त्याची सून आता मढ्यापाशी बसून आलेली.

आत्या दारात आडवी झाली. "तुह्या सासऱ्यानं दोर जाळला, अन तू मढं धरून बसतीस?"

म्हणलं, "आत्या, मी हात लावत न्हाई. उलट कुणाला हात लावू देत न्हाई. पाटील आला तरी त्याला म्हणते, लांब व्हा, सरकारी काम हाय."

आत्या म्हणली, "पाटलाला म्हणलीस?"

"म्हणले."

"मंग काय केलं त्यानं?"

"लांब झाला."

आत्या बाजूला सरली. पण आत घेता घेता म्हणली, "जिमिनीवर बसू नको. सरकारी माणूस उंचावर बसतं." तव्हापासून मी खड्डे खांदायचं लोखंडी घमेलं बराबर न्यायची अन पालथं घालून त्याच्यावर बसायची. वीस वर्षं ते घमेलं माही खुर्ची व्हती.

घमेल्यावर बसून लई माणसं पाह्यली. शिंगं मागायला यायचे ते कधी सरळ मागायचे न्हाईत. एक मास्तर म्हणला, शाळेतल्या लेकरांना दाखवायचंय. कोणती शाळा म्हणलं तर उन्हाळ्याची सुट्टी चालू. एक महाराज आला, कातड्यावर बसून ध्यान करायचंय म्हणला. म्हणलं, "महाराज, सरकारला अर्ज करा. सरकार तुम्हाला बसायला जागा देईल, पण जालन्याच्या जेलात." महाराजाला राग आला. शाप दिला. शाप घेऊन मी घमेल्यावर बसून भाकर खाल्ली. गिधाडं उतरायची तव्हा, वीस-वीस, तीस-तीस. त्यांना गोफण लागायची. माणसाला नुसतं 'पंचनामा' म्हणलं तरी पुरायचं.

आता माही चूक सांगते. मोठी चूक.

आमचा त्या येळचा गार्ड अंबडला राह्यचा. त्याला यष्टीनं यावं लागायचं, अन पंचनाम्याला पंचाचा अंगठा लागतो. पंच दरवेळी कुठून आणायचा? म्हून तो एकदाच दहा-दहा कोरे कागद आणायचा अन खाली माहा अंगठा घेऊन ठेवायचा. म्हणायचा, "मावशी, लागंल तव्हा मजकूर भरतो. तुमचा खाडा वाचंल." मला वाटायचं, भला माणूस हाय, माही काळजी करून राह्यला. सगळीकडं असंच चालायचं. कुणाच्या मनातच येत न्हवतं की कोरा कागद म्हंजे काय असतं.

असे किती कागद दिले, मी मोजले न्हाईत.

मंगल पाचवीला गेल्ती त्या वर्षी रस्त्याच्या कडेला तार बनवायचा कारखाना आला. नाव घेत न्हाई, आता तो राह्यला बी न्हाई. जाड सळई आणायचे, तिच्यावरचा गंज काढायला तेजाबात बुडवायचे, अन मंग वढून बारीक तार करायचे. गावाला बरं वाटलं, पंधरा-वीस पोरं कामाला लागले. अन ते तेजाबाचं पाणी पाईपानं माळामागच्या वढ्यात सोडून दिलं.

मला ते कसं कळलं सांगते. वढ्यात एक डोह व्हता. मे महिन्यात बी त्याच्यात पाणी राह्यचं. हौदाचं पाणी दुपारपर्यंत संपायचं, मंग हरणं त्या डोहावर जायचे. मी एक दिवस घागर भरायला डोहात पाय टाकला. माह्या टाचा फुटलेल्या. भेगांत अशी आग झाली की उडी मारून बाहेर आले. वास घेतला. पाणी पिवळं-हिरवं, काठाची दगडं तांबडी पडलेली. लोखंडी बादली चार दिवस त्याच्यात बुडवून ठेवली, तर बूड चाळणीवानी झालं.

मेंढरंवाल्यांना हे माझ्या आधी कळलं व्हतं. एकाची शेळी ते पाणी पिऊन मेली. तो कारखान्याच्या फाटकावर बसला, बोंब मारली. मॅनेजरनं त्याला दुसरी शेळी घेऊन दिली. ती आधीच्यापेक्षा धट्टीकट्टी व्हती. तो खुश. बाकीच्यांनी आपापली ढोरं डोहावरून वळवली. ज्याला मालक व्हता ते जनावर वाचलं.

हरणांचं कोण बोलणार? हरणाचा मालक फाटकावर जाऊन बसत न्हाई.

त्या उन्हाळ्यात हरणं मरायला लागले. एक मादी, मंग एक पाडस, मंग अजून. तोंडाला फेस, जीभ पांढरी भाजल्यावानी, ओठ सोललेले. अंगावर दुसरी कुठली खूण न्हाई. मी गार्डाला सांगायची, "सायब, वढ्याच्या पाण्यानं झालं." तो म्हणायचा, "हाव मावशी, लिहितो." अन घाईत जाळून मोकळा व्हायचा. डाक्टर पाहिजे म्हणलं तर, डाक्टर रजेवर. माळावर एकच कळप व्हता, पन्नासाच्या आसपास. तो गेला असता तर आमच्या बाजूला पुन्हा हरीण दिसलं नसतं.

पुढच्या वर्षी गार्ड बदलून गेला अन नवीन वनपाल सायब आले. तरणे व्हते, सायकल मारत यायचे. पहिल्या दिवशी त्यांनी फाईल घेऊन मला समोर बसवलं. म्हणले, "गयाबाई, गेल्या साली पाच हरणं कुत्र्यांनी मारली. एवढी कुत्री कुठून आली माळावर?"

मी म्हणलं, "कुत्र्यांनी? सायब, एकाला बी दात लागला न्हवता."

"इथं लिहिलंय. पाची पंचनाम्यांवर. 'मोकाट कुत्र्यांच्या हल्ल्यात मृत्यू, पंचांनी समक्ष पाहिले.' खाली अंगठा तुमचा."

त्यांनी कागद माझ्याकडं फिरवला. अक्षर काही कळलं न्हाई, पण अंगठा बराबर ओळखला. माह्या अंगठ्यावर कोयत्याचा वण हाय, आडवा. तो पाची कागदांवर व्हता.

येवढी वर्षं मढी राखली, एक केस चोरी जाऊ दिला न्हाई, अन कशानं मेलं तेच चोरीला गेलं. ते बी माह्याच अंगठ्यानं.

सायबांनी काय झालं ते इचारलं. मी कोऱ्या कागदांचं सगळं सांगितलं. ते रागावले न्हाईत. म्हणले, "आता पुढचं पाहू."

पुढचं दहा दिवसांतच आलं. एक मोठा नर, वयानं काळा झालेला, शिंगाला तीन पीळ. डोहाच्या काठावरच पडल्ता, तोंड पाण्याकडं. मी घमेलं घेऊन बसले. दुपारी कारखान्याचा मॅनेजर गाडी घेऊन आला. लांब उभा राह्यला, नाकाला रुमाल.

"मावशी, उन्हात कामून बसल्या?"

"काम हाय."

"तुमची पोरगी मोठी झाली म्हणे. तारेची बंडलं बांधायच्या कामाला घेतो. सावलीतलं काम. हे मढं आमचे माणसं पुरून टाकतील, घाण येऊन राह्यली."

तो जवळ आला.

"हे हरीण तुमचं हाय का?"

"न्हाई."

"मंग तुम्हाला काय करायचंय?"

म्हणलं, "माझं न्हाई म्हून तर राखून राह्यले. माझं असतं तर घरी नेलं असतं. लांब व्हा, सरकारी काम हाय."

तो बी लांब झाला. पाटलाइतकाच लांब.

वनपाल सायब डाक्टरला सायकलीवर मागं बसवून घेऊन आले. डाक्टरांनी तिथंच पोट फाडलं. पोटातलं पाणी बाटलीत भरलं, डोहाचं दुसऱ्या बाटलीत, पाईपाच्या तोंडाचं तिसऱ्या बाटलीत. लाखेनं तोंड बंद केलं. पंचनामा लिवला. सायबांनी कागद पुढं केला, शाईची डबी उघडली. मी हात मागं घेतला.

"वाचा."

त्यांनी वाचला.

"आता डाक्टर सायबांनी वाचावा."

डाक्टर हसले. "गयाबाई, मजकूर तोच आहे."

"दोन तोंडातून तोच आला म्हंजे तोच हाय."

डाक्टरांनी बी वाचला. तोच व्हता. मंग अंगठा दिला.

बाटल्या तपासायला गेल्या, तिन्हींत तेजाब निघालं. सरकारनं कारखान्यावर दावा लावला, पाईप बंद करा अन हरणांची भरपाई द्या म्हून. मला वाटलं, आता झालं. कोर्ट काय असतं मला माहीत न्हवतं. तारीख पडायची, सायब जालन्याला जायचे, परत यायचे, पुढची तारीख. पाईप चालूच.

तेवढे दिवस कळप कोण जगवणार? कोर्ट तर पाणी पाजायला येत न्हाई. मी अन मंगलनं डोहाला बोराटीचं कुंपण घालायचं काढलं. काटे तोडायचे, वढत आणायचे, दगडांनी दाबायचे. हाताची चाळण झाली. अन डोह बंद केला म्हंजे हौद दुप्पट भरायला पाहिजे. सोळा-सोळा खेपा. मंगल शाळेत जायच्या आधी चार खेपा करायची. आत्या म्हातारी झाल्ती, तिनं भाकरी सोडून काही करायला न्हाई पाहिजे व्हतं. पण ती आडावर बसून रहाट वढायची. म्हणायची, "माह्या नवऱ्यानं दोर जाळला, अन मी पुन्हा दोर वढून राह्यले. पण हा दोर चांगला हाय."

आमच्या माळाला लागून बाबूराव व्हते, मोठे शेतकरी. त्यांची ज्वारी दरसाल हरणं खायचे, अन दरसाल ते मला ऐकवायचे. काटे वढताना पाहून म्हणले, "गयाबाई, एक सांगा. हे हरणं माह्या ज्वारीत शिरले की कुणाचेच न्हाईत. तक्रार घेऊन गेलो तर सायब म्हणतात, रानटी जनावर, आम्ही काय करावं? अन मेले की लगेच सरकारचे. जित्याला वाली न्हाई अन मेल्याला मालक. हे कसं?"

बोलणं रास्त व्हतं. मनात घर करून बसलं. शेवटी बाबूरावांनीच दोन बैलगाड्या काटे टाकले. म्हणले, "हरणांसाठी न्हाई टाकले. तुमचे हात पाहवत न्हाईत."

कळपातले अजून चार मेले त्या मधल्या काळात. कुंपण मोडून घुसलेले. चारी पंचनामे दोन-दोनदा वाचून घेतले.

मंगलचं लगीन झालं, आत्या वारली, मंग मला साक्षीला बलावलं. आत्या असती तर लुगडं नेसून आली असती माह्या बराबर. मी निळं लुगडं नेसले. घमेलं न्यावं वाटत व्हतं, पण सायब म्हणले, तिथं उभंच राह्यचंय.

कारखान्याचा वकील उंच, चष्मा घातलेला, आवाज मऊ. त्यानं पहिल्यांदा तेच पाच कागद काढले.

"हा अंगठा तुमचा आहे का?"

"माहा."

"पाचही?"

"पाची माहे. वण दिसतो."

"म्हणजे कुत्र्यांनी मारलेलं तुम्ही समक्ष पाहिलं."

"न्हाई. कागद कोरा व्हता तव्हा अंगठा दिला."

कोर्टात कुजबुज झाली. वकील म्हणला, "कोऱ्या कागदावर अंगठा देणाऱ्या बाईचं आज आम्ही खरं का मानावं?"

मी जज सायबांकडं पाह्यलं. म्हणलं, "सायब, ही चूक माही हाय, दुसऱ्या कुणावर टाकत न्हाई. पण त्याच्यानंतरचे पाच बी पाहा. ते दोन-दोन माणसांकडून वाचून घेतले. अन बाटल्यांनी तर कुणालाच अंगठा दिला न्हाई, त्या काय म्हणतात ते पाहा."

जज सायबांनी चष्म्यावरून माह्याकडं पाह्यलं अन काहीतरी लिवलं.

मंग वकिलानं खरा डाव टाकला. तो म्हणला, "कायदा काय म्हणतो? सापडलेलं मेलेलं हरीण सरकारची मालमत्ता. मेलेलं! जिवंत हरीण सरकारनं कधी पाळलं नाही, बांधलं नाही, मोजलं नाही. ते आज इथं, उद्या दुसऱ्या तालुक्यात. मग नुकसान कुणाचं झालं? उलट हरीण मेलं तेव्हाच ते सरकारला मिळालं. माझ्या अशिलानं सरकारचं काही नेलेलं नाही, भरच घातली आहे."

दोन-चार काळे कोट हसले. मला बाबूराव आठवले. तेच बोलणं, फक्त शुद्ध.

सरकारी वकील कागद चाळून राह्यले. मी म्हणलं, "सायब, बोलू का?"

वकील म्हणला, "साक्षीदारानं विचारल्याशिवाय..."

जज सायब म्हणले, "बोलू द्या. बोला बाई."

मी वकिलाला इचारलं, "वकील सायब, तुमच्या घरी म्हैस हाय का?"

"गावाकडे आहे. त्याचा इथे काय संबंध?"

"तिला कुणी इख घातलं, ती मेली, तर आता कातडं मिळालं म्हून पेढे वाटता का?"

आता सगळे हसले. जज सायबांनी हात वर केला तव्हा गप झाले.

मी म्हणलं, "अन जितं हरीण सरकारचं न्हाई म्हणता, तर मी इतकी वर्षं कुणाच्या जनावराला पाणी पाजून राह्यले? मस्टर पाहा. आमच्या गावात कुणी दुसऱ्याच्या बैलाला एखाद दिवस दया येऊन पाणी पाजंल. पण रोज, माणूस लावून, मजुरी देऊन, पोरगी पाळण्यात व्हती तिचं लगीन होईस्तोवर कोण पाजतं? ज्याचा बैल हाय तोच न?"

वनपाल सायबांनी मस्टरांचं गाठोडं आणलं व्हतं, मी खात्याची मजूर हाय येवढं दाखवायला. ते जज सायबांच्या टेबलावर गेलं. जज सायबांनी सोडलं. वरचे कागद पिवळे पडलेले, एकाला वाळवी लागलेली. त्यांनी एक वाचला, मंग मधला एक, मंग एकदम खालचा. मोठ्यानं वाचला.

"काम, वन्यप्राण्यांसाठी पाणवठा भरणे." दुसरा घेतला. "वन्यप्राण्यांसाठी पाणवठा भरणे." तिसरा. तेच.

प्रत्येकाच्या खाली माहा अंगठा. वण आडवा. ज्या अंगठ्यानं पाच हरणं कुत्र्यांच्या तोंडी दिले, त्याच अंगठ्यानं गाठोडं भरून सांगितलं की हे जित्राब बेवारशी न्हाई.

मऊ आवाजाचा वकील म्हणला, "पाणी पाजल्यानं मालकी सिद्ध होत नाही." पण खाली बसता बसता म्हणला.

निकाल मी ऐकायला गेले व्हते. इंग्रजी-मराठी मिसळून व्हता, सायबांनी बाहेर येऊन चहाच्या टपरीवर समजावला. दोनदा. कोर्ट म्हणलं, रानातलं जनावर जितं असो का मेलेलं, सगळ्या लोकांच्या वतीनं सरकार त्याला सांभाळतं. सांभाळणाऱ्याला त्याच्यासाठी भांडायचा हक्क हाय. ज्यानं पाणी नासवलं त्यानं भरून द्यायचं, वढा साफ करून द्यायचा, अन पाईप आजच्या आज बंद.

"आजच्या आज?" मी इचारलं.

"तसंच लिहिलंय."

"मंग चहा राहू द्या. पाहून येऊ."

यष्टीनं वडीगोद्रीला उतरलो, तिथून चालत. पाईपाच्या तोंडाला लाकडी गुटका ठोकला व्हता अन वरून सिमिट. सिमिट अजून वलं. मी अंगठा लावून पाह्यला, उमटला. राहू दिला.

कारखान्यानं वढ्यातला गाळ काढला, दोन पावसाळे गेले, तव्हा डोहाच्या दगडांचा तांबडा रंग उतरला. सिमिटाचा मोठा हौद झाला, त्याला पंप बसला. माह्या खेपा वाचल्या, पण तव्हा माहे गुडघे गेले व्हते. मला कायम केलं न्हाई खात्यानं, शेवटपर्यंत मस्टरवरच राह्यले. वनपाल सायबांनी लई कागद केले, जमलं न्हाई. त्याचं बोलत न्हाई मी.

कुंपणाचे काटे काढले तो दिवस सांगते. मंगल माहेरी आल्ती, बाबूराव अन त्यांचे गडी व्हते. काटे बाजूला केले अन आम्ही बांधामागं जाऊन बसलो. मी पहिल्यांदा टाच बुडवून पाह्यली. आग झाली न्हाई. सांज व्हायच्या आधी कळप आला. एक मादी पुढं झाली, वास घेतला, मागं सरली, पुन्हा पुढं आली. प्यायली. मंग सगळेच प्यायले. बत्तीस व्हते. आता सत्तरीच्या वर गेलेत, गार्ड सांगतो.

बाबूराव हळूच म्हणले, "गयाबाई, कोर्टानं सांगितलं न, जिते बी सरकारचेच?"

"हाव."

"मंग माही ज्वारी खाल्ली तर?"

मी त्यांच्याकडं पाह्यलं. ते हसून राह्यले व्हते, पण इचारत व्हते खरंच. म्हणलं, "चला, उद्या अर्ज लिवू."

लिवला. माह्या आयुष्यातला पहिला पंचनामा असा, ज्याच्यात मढं न्हवतं. वनपाल सायबांनी कणसं मोजली, मी घमेल्यावर बसले, बाबूराव उभे. कागद सायबांनी वाचला, मंग बाबूरावांनी वाचला, मंग अंगठा. बाबूरावांना भरपाई मिळाली. येवढीशी मिळाली, ते अजून शिव्या देतात. पण मिळाली. ते गावभर सांगत फिरले की सरकारचे हरणं माही ज्वारी खाऊन गेले, जसं काय सोयरे जेवून गेले.

नात म्हणती, आज्जे, आता शेवट कर.

शेवट काय, घमेलं अजून हाय. बुडाला भोक पडलं, मंगलनं त्याच्यात तुळस लावली.

हे सगळं नातीनं मला वाचून दाखवलं. मंग शेजारच्या अंगणवाडीच्या बाईला बलावून तिच्याकडून वाचून घेतलं. तिच्या तोंडून एक गोष्ट निघाली जी नातीनं वाचताना गिळली व्हती. डोहावर हरणं पाणी प्यायले तिथं पोरीनं लिवलं व्हतं, 'माझ्या डोळ्यांतून पाणी आलं.' मी म्हणलं, खोड. मी रडले न्हवते, मी हरणं मोजत व्हते. तिनं खोडलं. अंगणवाडीच्या बाईनं पुन्हा पहिल्यापासून वाचलं. बराबर व्हतं.

मंग अंगठा दिला.